हिरवा ठिपका आणि लाल खूण : पाकिटांवर पोषणाचे रंग हवेत का?

परळकर

माझी आई ७४ वर्षांची आहे. रक्तदाबाचे निदान झाल्यावर डॉक्टरांनी तिला मीठ कमी करायला सांगितले आणि तिने ते मनावर घेतले. कणकेतले मीठ बंद झाले, लोणच्याची बरणी वरच्या फळीवर गेली आणि पापड सणापुरता उरला. तरीही दोन महिन्यांनी आकडे जिथल्या तिथेच होते. गेल्या रविवारी तिने दादरहून आणलेले सामान लावताना भाजक्या पोह्यांच्या चिवड्याचे पाकीट माझ्या हाती लागले. ‘तळलेला नाही, म्हणून मुद्दाम हाच आणते,’ असे ती म्हणाली. पाकिटाच्या मागे, जोडाच्या घडीत अर्धवट दडलेल्या तक्त्यात १०० ग्रॅमला ९२० मिलिग्रॅम सोडियम असे लिहिले होते. सोडियमला अडीचने गुणले की मीठ मिळते. म्हणजे १०० ग्रॅम चिवड्यात साधारण २.३ ग्रॅम मीठ होते. आई दुपारच्या चहाबरोबर रोज वाटीभर चिवडा खाते. मी वाटी काट्यावर ठेवून पाहिली, तर चिवडा ५० ग्रॅम भरला. जागतिक आरोग्य संघटना प्रौढांना दिवसभरात ५ ग्रॅमपेक्षा कमी मीठ खायला सांगते आणि त्यातला जवळजवळ पाव भाग या एका वाटीत संपत होता.

आई तीस वर्षे मराठी शाळेत शिक्षिका होती, त्यामुळे तिला वाचनाचा कंटाळा आहे असे कोणी म्हणणार नाही. परंतु तक्ता इंग्रजीत, मुंगीएवढ्या अक्षरांत आणि मिलिग्रॅमच्या भाषेत छापलेला असतो. लेबलवरचा सक्तीचा मजकूर इंग्रजीत किंवा हिंदीत असला तरी नियमाची पूर्तता होते, मराठी असलेच पाहिजे असे बंधन नाही. पाकिटाच्या दर्शनी बाजूवर तिला दिसले ते हिरवे पान, ‘भाजका’ हा शब्द आणि शाकाहाराचा हिरवा ठिपका. या तिन्हींमध्ये खोटे काहीच नव्हते आणि तरीही तिची फसगत झाली.

ब्रिटनमध्ये पाकिटाच्या पुढच्या बाजूवर मेद, संपृक्त मेद (सॅच्युरेटेड फॅट), साखर आणि मीठ यांच्यासाठी सिग्नलसारखे लाल, पिवळे, हिरवे रंग असतात, हे मी वाचले आहे. आपल्याकडे असे रंग आले तर माझ्या आईसारख्या ग्राहकाला त्याचा खरोखर उपयोग होईल का? या विषयात काम करणाऱ्यांनी आणि घरात पथ्य सांभाळणाऱ्यांनी कृपया सविस्तर लिहावे.

ताटवाटी

मी गेली अठरा वर्षे आहारतज्ज्ञ म्हणून काम करते आहे आणि तुमच्या आईंसारखे रुग्ण माझ्याकडे दर आठवड्याला येतात. घरातले मीठ त्यांनी मनापासून कमी केलेले असते, पण बाहेरून येणारे मीठ त्यांच्या हिशेबातच नसते, कारण ते दिसत नाही.

ब्रिटनची पद्धत २०१३ मध्ये एकसारखी करण्यात आली आणि ती ऐच्छिक आहे. घन पदार्थासाठी हिशेब १०० ग्रॅमवर चालतो. मीठ ०.३ ग्रॅमपर्यंत असेल तर हिरवा रंग आणि १.५ ग्रॅमच्या वर गेले तर लाल. साखर ५ ग्रॅमपर्यंत हिरवी आणि २२.५ ग्रॅमच्या वर लाल. एकूण मेदासाठी याच सीमा ३ आणि १७.५ ग्रॅम आहेत, तर संपृक्त मेदासाठी १.५ आणि ५ ग्रॅम. मधले सगळे पिवळे. तुमच्या चिवड्याला मिठाच्या चौकटीत निर्विवाद लाल रंग मिळाला असता, मात्र संपृक्त मेदाची चौकट कदाचित हिरवी किंवा पिवळी दिसली असती. रक्तदाबाच्या रुग्णाने मिठाची चौकट पाहावी, मधुमेहीने साखरेची पाहावी, अशी सोय या पद्धतीत आहे आणि ती मला फार मोलाची वाटते.

आपल्या तक्त्यात आणखी एक अडचण आहे, ती म्हणजे ‘एका वेळचे प्रमाण’. ते बहुधा २० किंवा ३० ग्रॅम धरलेले असते आणि दिवसाच्या गरजेची टक्केवारी त्यावर काढलेली असते. वाटीभर खाणाऱ्याने ती टक्केवारी वाचली तर त्याला आकडा खऱ्यापेक्षा बराच लहान दिसतो. म्हणून मी रुग्णांना नेहमी १०० ग्रॅमचा रकाना पाहायला सांगते.

चिवडागल्ली

आमचे फरसाण बनवण्याचे काम आजोबांपासून चालत आले आहे, तेव्हा माझी बाजू थोडी वेगळी आहे. ती शांतपणे ऐकून घ्यावी ही विनंती. मीठ जास्त असेल तर ते सांगितले पाहिजे, याबद्दल माझे दुमत नाही. परंतु १०० ग्रॅमच्या मापाने तोलले तर लोणचे, पापड, तूप, तिळाचा लाडू, शेंगदाण्याची चिक्की, कोरडी चटणी असे आपले जवळजवळ सगळे जिन्नस लाल ठरतील. लोणचे कोणी १०० ग्रॅम खात नाही, पानात डावीकडे चमचाभर वाढले जाते. चिक्कीत गूळ आहे आणि शेंगदाण्याचे तेल आहे, पण त्याबरोबर शेंगदाण्याची प्रथिनेही आहेत. ती आणि मैदा, साखर, पामतेल यांचे क्रीमचे बिस्किट एकाच लाल रंगात दिसावे, हे मला पटत नाही.

दुसरे असे की मुंबईत जे खाल्ले जाते त्यातले किती पाकिटातून येते? आमच्याच दुकानात निम्मा माल काचेच्या बरणीतून काट्यावर आणि काट्यावरून कागदी पिशवीत जातो. नाक्यावरच्या वडापावला लेबल नाही. हॉटेलांपैकी मुख्यतः ज्यांच्या दहा किंवा अधिक शाखा आहेत त्यांनाच मेन्यूवर उष्मांक लिहावे लागतात. नियमाचा भार पाकीट करणाऱ्या लहान उत्पादकावर पडेल आणि सुटा माल तसाच राहील. प्रत्येक जिन्नसाची प्रयोगशाळेतून तपासणी करून घेण्याचा खर्च दोन कढयांच्या धंद्याला सोपा नसतो, हेही लक्षात घ्यावे.

ताटवाटी

चिवडागल्ली, तुमचे म्हणणे रास्त आहे आणि ज्या देशांनी हे नियम केले त्यांनाही याच प्रश्नांना तोंड द्यावे लागले. फ्रान्सने २०१७ मध्ये न्यूट्रीस्कोर स्वीकारला. त्यात चार वेगळ्या चौकटी नाहीत. गडद हिरव्या ‘ए’पासून लाल ‘ई’पर्यंत संपूर्ण पदार्थाला एकच श्रेणी मिळते. साखर, मीठ, संपृक्त मेद आणि उष्मांक यांचे गुण विरोधात जातात, तर तंतू (फायबर), प्रथिने, फळे आणि भाज्या यांचे गुण बाजूने धरले जातात. इटलीत त्याला मोठा विरोध झाला, कारण ऑलिव्ह तेल आणि चीज यांना कमी श्रेणी मिळत होती. नंतर गणिताची पद्धत सुधारल्यावर ऑलिव्ह तेल एका पायरीने वर आले.

चिलीचा मार्ग निराळा आहे आणि तुमच्या चिक्कीच्या मुद्द्याला तो अधिक लागू पडतो. तिथे जून २०१६ पासून काळ्या अष्टकोनी खुणा सक्तीच्या झाल्या. त्यावर ‘साखर जास्त’, ‘सोडियम जास्त’ इतकेच लिहिलेले असते. हिरवे काही नाही, शाबासकी नाही. मर्यादा टप्प्याटप्प्याने कडक करत २०१९ मध्ये घन पदार्थांसाठी १०० ग्रॅमला ४०० मिलिग्रॅम सोडियम आणि १० ग्रॅम साखर इथपर्यंत आणल्या गेल्या. महत्त्वाचे म्हणजे ज्या पदार्थात साखर, मीठ किंवा मेद वरून घातले आहेत त्यांनाच ही खूण लागते. नुसत्या शेंगदाण्याला लागत नाही, खाऱ्या शेंगदाण्याला लागू शकते. तुमच्या चिक्कीला गुळामुळे साखरेची खूण मिळेल, हे मी लपवत नाही. मधुमेही माणसाला ती माहिती हवीच असते.

परिणाम काय झाला, तर सुरुवातीच्या दीड वर्षात साखरयुक्त पेयांची खरेदी सुमारे २४ टक्क्यांनी घटली. अर्थात त्याच कायद्याने मुलांसाठीच्या जाहिरातींवर आणि शाळांमधील विक्रीवरही बंधने आली होती, त्यामुळे सगळे श्रेय खुणेला देता येणार नाही. मात्र अनेक उत्पादकांनी खूण टाळण्यासाठी आपल्या कृतीतली साखर आणि मीठ कमी केले, आणि हा फायदा लेबल न वाचणाऱ्यालाही मिळतो.

डोंबिवली फास्ट लेन

आपल्याकडे हा विषय कुठवर आला आहे, ते थोडक्यात नोंदवतो. अन्नसुरक्षा व मानके प्राधिकरणाने २०१९ च्या मसुद्यात मर्यादेबाहेरच्या मेद, साखर आणि मिठासाठी लाल रंगाची चौकट सुचवली होती. २०२० च्या अंतिम लेबल नियमांत ती नव्हती. सप्टेंबर २०२२ मध्ये नवा मसुदा आला, त्यात रंगांऐवजी अर्ध्या ताऱ्यापासून पाच ताऱ्यांपर्यंतचे मानांकन होते. त्यावर पुष्कळ हरकती आल्या. जुलै २०२४ मध्ये एकूण साखर, मीठ आणि संपृक्त मेद ठळक व मोठ्या अक्षरांत छापण्याच्या प्रस्तावाला प्राधिकरणाने मान्यता दिली. एप्रिल २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने एका जनहित याचिकेत दर्शनी लेबलबाबतच्या शिफारशी तज्ज्ञ समितीने तीन महिन्यांत तयार कराव्यात असे सांगितले आणि पुढे ती मुदत वाढवण्यात आली.

ताऱ्यांबद्दल माझे मत स्पष्ट आहे. हॉटेल असो वा घरपोच सेवा, आपण तारा पाहतो तो कौतुक म्हणून. साखरेने भरलेल्या न्याहारीच्या पदार्थात थोडे तंतू आणि बदाम घातले की दोन तारे मिळणार असतील, तर ग्राहक ‘दोन तारे आहेत’ एवढेच वाचेल. ताऱ्याला धोका सांगता येत नाही. ज्या देशात भारतीय वैद्यकीय संशोधन परिषदेच्या (आयसीएमआर) २०२३ मध्ये प्रसिद्ध झालेल्या पाहणीनुसार सुमारे १०.१ कोटी लोकांना मधुमेह आहे, तिथे लेबलने धोका आधी सांगितला पाहिजे.

सातवा मजला

लोअर परळच्या एका कार्यालयातील उपाहारगृहाची व्यवस्था माझ्याकडे आहे, म्हणून लिहिण्याचे धाडस करते. पाकिटाव्यतिरिक्त पदार्थांना रंग लावता येतात की नाही, या चिवडागल्ली यांच्या प्रश्नाला बॉस्टनमधील मॅसॅच्युसेट्स जनरल हॉस्पिटलच्या उपाहारगृहाने उत्तर दिले आहे. २०१० मध्ये त्यांनी प्रत्येक पदार्थाला लाल, पिवळी किंवा हिरवी खूण लावली आणि काही महिन्यांनी मांडणी बदलली. पाण्याच्या बाटल्या आणि हिरव्या खुणेचे पदार्थ डोळ्यांसमोर आणले, लाल खुणेचे पदार्थ खालच्या खणात ठेवले. कोणताही पदार्थ बंद केला नाही. दोन वर्षांनी लाल पदार्थांचे विक्रीतील प्रमाण २४ टक्क्यांवरून २० टक्क्यांवर आले आणि हिरव्यांचे ४१ वरून ४६ टक्क्यांवर गेले. पेयांमध्ये फरक अधिक ठळक होता, तिथे लाल पेये २६ वरून १७ टक्क्यांवर आली.

हे वाचून आम्ही गेल्या पावसाळ्यात आमच्याकडे छोटा प्रयोग केला. सकाळच्या खाण्याच्या काउंटरवर पाट्या लावल्या. उपमा, पोहे आणि इडली यांना हिरवी पाटी, मेदुवडा आणि साबुदाणावडा यांना लाल. पहिल्याच दिवशी आचारी नाराज झाला. त्याच्या हाताच्या वड्याला आम्ही वाईट म्हटले असे त्याला वाटले. त्याच्याशी बसून बोलल्यावर एक गोष्ट लक्षात आली, जी आम्हाला आधी सुचायला हवी होती. हिरवी पाटी लावलेल्या उपम्यात तो दर किलो रव्याला किती मीठ घालतो, हे आम्ही विचारलेच नव्हते. विचारून तोलले तेव्हा उपमा मिठाच्या बाबतीत वड्याच्या पुढे होता. आम्ही तळलेले म्हणजे लाल आणि वाफवलेले म्हणजे हिरवे असे गृहीत धरले होते. परळकर यांच्या आईंनी चिवड्याबाबत जे गृहीत धरले, नेमके तेच. आता आचारी स्वतः तोलून मीठ घालतो आणि पाटी त्या आकड्यावरून ठरते.

कोपऱ्यातले बाक

माझ्या डोळ्यांना जन्मापासून लाल आणि हिरव्या रंगातला फरक नीट कळत नाही, आणि पुरुषांमध्ये हे पुष्कळ आढळते. मांसाहाराची तपकिरी खूण आणि शाकाहाराची हिरवी खूण मला वर्षानुवर्षे सारखीच दिसत असे. नव्या नियमांत मांसाहारासाठी वर्तुळाऐवजी त्रिकोण आला, तेव्हापासून मी कोणालाही न विचारता पाकीट उचलू शकतो. तेव्हा जी खूण ठरेल तिला रंगाबरोबर आकार आणि शब्द असावेत, एवढीच माझी मागणी आहे.

खडू आणि फळा

मी उपनगरातील एका शाळेत पाचवीला शिकवते. सीबीएसईने मे २०२५ मध्ये आपल्या शाळांना साखरेचे फलक लावायला सांगितले. त्या परिपत्रकात चार ते दहा वर्षांच्या मुलांच्या रोजच्या उष्मांकांपैकी १३ टक्के साखरेतून येतात, असे म्हटले होते. ते प्रमाण ५ टक्के असावे अशी शिफारस आहे. आम्ही फलक लावला आणि आठवडाभर त्याकडे कोणी पाहिले नाही. मग मी वर्गात काचेचे पाच पेले मांडले, मुलांनी आणलेली रिकामी पाकिटे त्यांच्यासमोर ठेवली आणि पाकिटावरच्या आकड्याप्रमाणे मुलांनाच पेल्यात साखर मोजून टाकायला सांगितले. आंब्याच्या पेयाच्या २०० मिलिलीटरच्या खोक्यात १०० मिलिलीटरला १२ ग्रॅम साखर होती. पाच ग्रॅमचा चमचा धरला तर चार चमचे भरले आणि पाचवा जवळजवळ काठोकाठ आला. चमच्यांची मोजणी करणारी मुलगी चौथ्या चमच्याला थांबली आणि ‘बाई, मी चुकले का?’ असे म्हणाली. दुसऱ्या दिवसापासून डबा उघडण्याआधी मुले एकमेकांची पाकिटे उलटी करून पाहू लागली. आकडा डोळ्यांना दिसेल अशा रूपात आला की मुलांना तो कळतो, आणि माझ्या मते रंगाचे कामही तेच आहे.

परळकर

सर्वांचे मनापासून आभार. गेले चार दिवस हे प्रतिसाद मी आईला वाचून दाखवतो आहे आणि त्यातून माझे मत बदलले आहे, ते इथे मांडतो.

धागा सुरू करताना मला तिन्ही रंग हवे होते. आता मला हिरव्या रंगाची काळजी वाटते. आपल्या देशात हिरवा रंग मोकळा नाही. शाकाहाराचा ठिपका हिरवा आहे, सेंद्रिय मालाचे ‘जैविक भारत’ हे चिन्ह हिरवे आहे, २०२१ पासून वीगन, म्हणजे दूधतुपासकट प्राणिज काहीही नसलेल्या पदार्थांसाठी आलेले चिन्हही हिरवेच आहे. त्यातच ‘साखर कमी’ सांगणारी हिरवी चौकट आली, तर लाल मिठाच्या शेजारी असलेल्या तीन हिरव्या चौकटी आणि चौथा शाकाहाराचा ठिपका मिळून माझ्या आईला पाकीट चांगलेच वाटेल. मी हे तिच्याकडून पडताळून पाहिले. ब्रिटनच्या पद्धतीप्रमाणे कागदावर चार चौकटी रंगवल्या, मिठाची लाल आणि बाकी हिरव्या, शेजारी ठिपका काढला आणि कागद तिच्या हातात दिला. तिचे उत्तर होते, ‘एकच लाल आहे ना? मग बरा आहे.’ त्यानंतर दुसऱ्या कागदावर काळा अष्टकोन काढून आत मराठीत ‘मीठ जास्त’ असे लिहिले. तो पाहून ती काही बोलली नाही, उठली आणि चिवड्याचा डबा उघडून आत किती उरला आहे ते पाहू लागली.

ही एका घरातली गोष्ट आहे, तिच्यावरून देशाचा नियम ठरू नये हे मला कळते. परंतु ज्या समाजाने हिरव्या खुणेवर इतकी वर्षे विश्वास ठेवला आहे, तिथे चांगल्याची खूण न देता फक्त जास्तीची खूण द्यावी, ती रंगाबरोबर आकारात आणि राज्याच्या भाषेत द्यावी, असे मला आता ठामपणे वाटते. चिवडागल्ली यांच्या म्हणण्याचा मान राखून असेही सुचवतो की लहान उत्पादकांना तपासणीसाठी अधिक मुदत आणि मदत मिळावी.

नियम होईल तेव्हा होईल. तोपर्यंत ताटवाटी यांनी दिलेल्या लाल सीमा मी एका पुठ्ठ्यावर मोठ्या अक्षरांत लिहून आईच्या पिशवीच्या आतल्या कप्प्यात ठेवल्या आहेत. मीठ १.५ ग्रॅम, म्हणजे तक्त्यातले सोडियम ६०० मिलिग्रॅम, साखर २२.५ ग्रॅम, संपृक्त मेद ५ ग्रॅम. यात काही चूक असेल तर सांगावे.

चिवडागल्ली

मदतीचा उल्लेख केलात, बरे वाटले. आमच्या भाजक्या चिवड्याचे मीठ मी काल तोलून पाहिले. तुमच्या पुठ्ठ्याप्रमाणे तो लाल निघतो. पुढच्या घाण्यात मीठ पाव भागाने कमी करून आमसूल आणि भाजलेल्या जिऱ्याची पूड वाढवून पाहणार आहे. गिऱ्हाईक परत आले तर तेच प्रमाण ठेवीन.

ताटवाटी

परळकर, पुठ्ठ्यात एक दुरुस्ती करा. तुम्ही लिहिलेल्या सीमा घन पदार्थांच्या आहेत, पेयांच्या निम्म्या असतात. १०० मिलिलीटरला ११.२५ ग्रॅमच्या वर साखर असेल तर ते पेय लाल. मिठासाठी ही सीमा ०.७५ ग्रॅम आहे, म्हणजे ३०० मिलिग्रॅम सोडियम. खडू आणि फळा यांच्या वर्गातले १२ ग्रॅमचे आंब्याचे पेय तुमच्या पुठ्ठ्यावर पिवळे ठरले असते, प्रत्यक्षात ते लाल आहे. शिवाय पेय एका वेळी १५० मिलिलीटरपेक्षा जास्त प्यायले जात असेल, तर एकूण १३.५ ग्रॅमच्या वर साखर गेली की ब्रिटनमध्ये लालच धरतात. आईंसाठी मसाला ताकाच्या पाकिटावरचे सोडियम अवश्य पाहा, उन्हाळ्यात ते दिवसातून दोनदा प्यायले जाते.

परळकर

पुठ्ठ्याच्या मागच्या बाजूला पेयांच्या सीमा लिहिल्या. ताकाचे पाकीट घरात होतेच. १०० मिलिलीटरला २४० मिलिग्रॅम सोडियम निघाले. सीमेच्या आत आहे, पण २०० मिलिलीटरमध्ये १.२ ग्रॅम मीठ जाते, म्हणजे चिवड्याच्या वाटीपेक्षा थोडे जास्तच. आईने उद्यासाठी विरजण लावले आहे.